‘देवळालीचा ताप’ : गोऱ्या सोजिरांच्या थट्टेच्या बोलीचें परीक्षण

ह्या त्रैमासिकाच्या वाचकांची दृष्टि सनदा, महजर, कैफियती व दप्तरें ह्यांवर स्थिरावलेली असल्यामुळें गोऱ्या सोजिरांच्या थट्टेच्या बोलीवरील लेख पाहून कांहींच्या कपाळास आठी पडेल, हें आम्ही जाणून आहों. तथापि शब्द हाहि एक लेखच आहे. फरक इतकाच कीं, त्याच्या नकला कागदावर न होतां तोंडोतोंडीं होत जातात, आणि म्हणून त्यांत लेखकप्रमाद अधिक शिरतात. पोथीची पाठचिकित्सा करणारास शब्दाची पाठचिकित्सा वर्ज्य असण्याचें कारण आम्हांस दिसत नाहीं.

इंग्रज लोकांत एखाद्याचें डोकें फिरलें असें सांगावयाचें असतां तो ‘डूलॅली’ झाला असें आजहि म्हणतात. म्हणणारास बहुधा ठाऊक नसतें कीं, आपण नाशिकजवळच्या एका गांवाचें नांव घेत आहों. तें गांव देवळाली. मूळ वाक्प्रचार ‘डूलॅली टॅप’ असा दोन शब्दांचा; पुढें शेपूट गळालें व डोकें राहिलें. आमचें राहणें मोखाडा तालुक्यांतील पोशेरा येथें. येथून मोखाडा, त्र्यंबक, नाशिक अशी वाट धरून देवळालीस सकाळीं निघून रात्रीं परत येतां येतें. इकडील पुष्कळ माणसें पोटासाठीं नाशिकच्या बाजूस जातात-येतात, त्यांच्या तोंडीं देवळालीचें नांव नित्य असतें. तें उच्चारतांना कोणासहि वेड आठवत नाहीं. शेजारच्या गांवाचें नांव सातासमुद्रांपलीकडे वेडाचा पर्याय होऊन बसलें, तें कसें, आणि त्याची जी उपपत्ति ग्रंथांतून व गप्पांतून सांगितली जाते ती कितपत टिकते, एवढेंच ह्या लेखांत पाहावयाचें आहे.

परीक्षणासाठीं आम्हीं चार ग्रंथ समोर ठेविले. पहिला, यूल व बर्नेल ह्यांचा ‘हॉब्सन-जॉब्सन’ नांवाचा कोश (१८८६, विल्यम क्रुकनें वाढविलेली दुसरी आवृत्ति १९०३). दुसरा, फ्रेझर व गिबन्स ह्यांचा सैनिक व खलाशी ह्यांच्या शब्दांचा कोश (१९२५). तिसरा, ब्रोफी व पार्ट्रिज ह्यांनीं १९१४-१८ च्या युद्धांतील इंग्रज शिपायांचीं गाणीं व बोली ह्यांचा केलेला संग्रह (१९३०). चौथा कोश नव्हे, आठवणींचें पुस्तक आहे : फ्रँक रिचर्ड्‌झ ह्या साध्या शिपायाचें ‘ओल्ड सोल्जर साहिब’ (१९३६). ह्या चौघांत शास्त्रानें पहिला श्रेष्ठ, परंतु प्रस्तुत वादांत साक्षीदार म्हणून चौथाच अधिक उपयोगी पडतो, हें आधींच सांगून ठेवतों.

‘हॉब्सन-जॉब्सन’ विषयीं थोडें विस्तारानें लिहिणें भाग आहे. त्याच्या दोन कर्त्यांपैकीं आर्थर बर्नेल हा मद्रासकडील मुलकी नोकरींतला न्यायाधीश व चांगला संस्कृतज्ञ होता. तंजावरच्या राजवाड्यांतील, म्हणजे आपल्याच भोसल्यांनीं जमविलेल्या, संस्कृत हस्तलिखितांची वर्गीकृत सूचि त्यानें केली व ती १८८० त प्रसिद्ध झाली. ज्यांच्या घरीं पोथ्या आहेत त्यांस हें नांव परकें नसावें. तो १८८२ त वारला. कोश पाहण्यास राहिला नाहीं. दुसरा कर्ता कर्नल हेन्री यूल हा बंगालच्या इंजिनियर पथकांतला. प्रत्येक शब्दाखालीं सालवार उतारे देऊन त्याचीं रूपांतरें दाखवावयाचीं, ही ह्या कोशाची पद्धति. पोथ्यांचे पाठभेद नोंदविणारासहि ती गुरुस्थानीं आहे. परंतु एक कर्ता बंगालचा व दुसरा मद्रासचा असल्यामुळें मुंबई इलाख्याची बाजू त्यांत पांगळी राहिली. मराठी शब्द येतो तेथें त्यांचा आधार बहुशः मोल्सवर्थ. आणि मोल्सवर्थ ज्या ठिकाणीं मुका तेथें तेहि मुके. शिवाय दोघेहि बडे लोक. मेजवानीच्या टेबलावरचे शब्द त्यांच्या कानीं पडले. बराकींतल्या खाटेवरचे शब्द क्वचितच. ‘डूली’ त्यांच्या कोशांत सविस्तर आहे. ‘डूलॅली’ला तेथें स्थान नाहीं. १९२५ च्या फ्रेझर-गिबन्समध्यें मात्र तो जुन्या लष्करांतला शब्द म्हणून ‘वेडा, डोकें फिरलेला’ ह्या अर्थानें येतो.

कोशाचें नांवहि बराकींतलेंच आहे. मोहरमांत ऊर बडवीत जाणारांची ‘या हसन, या हुसेन’ ही आरोळी सोजिरानें ऐकली आणि तिचे हॉब्सन व जॉब्सन असे दोन अस्सल इंग्रज गृहस्थ बनविले. परका ध्वनि कानावर आला कीं त्याला आपल्या घरांतल्या ओळखीच्या शब्दाचे कपडे चढवावयाचे, हा त्यांतला न्याय. युवराजाचा ‘अपर रॉजर’ झाला, सिराज-उद्-दौल्याचा ‘सर रॉजर डाउलर’ झाला. ह्यालाच भाषाशास्त्री लोकव्युत्पत्ति म्हणतात. आपल्याकडे पतंजलीनें एका ‘गो’ शब्दाचे गावी, गोणी, गोता, गोपोतलिका असे अपभ्रंश मोजले, ते उच्चारशैथिल्याचे होत; हे त्याहून निराळे, ह्यांत खोडसाळपणा मिसळलेला आहे. महाभाष्यांत असुरांची कथा आहे : ‘अरि’च्या ठिकाणीं ‘अलि’ म्हणून त्यांनीं आरोळी अशुद्ध उच्चारली व पराभव पावले, म्हणून ब्राह्मणानें अपशब्द बोलूं नये. इंग्रजांच्या सोजिरानें आमच्या प्रत्येक शब्दाचें हाडूक मोडलें आणि तरी राज्य दीडशें वर्षें टिकलें. व्याकरणाच्या त्या प्रयोजनाला हें एक मोठेंच प्रत्युदाहरण म्हणावें लागेल.

आतां त्या बोलीचे कांहीं नमुने. चारहि ग्रंथांतले शब्द उतरून घेण्याचा इरादा नाहीं. ज्यांच्यावर आम्हांस कांहीं सांगावयाचें आहे तेवढेच घेतों.

‘ब्लायटी’ म्हणजे मायदेश. पहिल्या महायुद्धांत फ्रान्सच्या खंदकांत बसलेला शिपाई जीव न जातां घरीं पाठविलें जावें एवढीच जखम इच्छी. तिला तो ब्लायटीची जखम म्हणे. शब्द ‘विलायती’पासून, ह्याविषयीं वाद नाहीं. परंतु कोणत्या मुलखांतून गेला हें कोणी स्पष्ट करीत नाहीं. मराठींत ‘व’चा ‘ब’ होत नाहीं. आम्ही विलायतेस विलायत व विलायती चिंचेस विलायती चिंचच म्हणतों. ‘बिलायत’ हें उत्तरेकडील व बंगाली तोंड होय. तेव्हां ब्लायटी मुंबईच्या बंदरांतून जहाजावर चढला असला तरी त्याचा जन्म सह्याद्रीच्या बाजूचा नव्हे. उलट ‘डिक्सी’, म्हणजे लष्करी स्वयंपाकाचें मोठें पातेलें, हें ‘देगची’पासून निघालें, आपल्या घरांतील डेचकी त्याची सख्खी बहीण. ‘बॉबरी’, म्हणजे गलबला, हा शब्द ‘बाप रे!’ ह्या उद्गारापासून यूलनें काढला आहे तो आम्हांस मान्य आहे; बाप रे म्हणण्याची सोय हिंदुस्थानांत सर्वत्र असल्यामुळें त्यावर एकट्या मराठीनें हक्क सांगूं नये. दीर्घकाळ नोकरी व चांगली वागणूक ह्यांबद्दल मिळणाऱ्या पदकास सोजीर ‘रूटी गाँग’ म्हणे. रूटी म्हणजे रोटी. इतकीं वर्षें सरकारची भाकरी खाऊन पचविली, त्याचें हें पदक, असा अर्थ. ह्या एका शब्दांत जी निरिच्छ थट्टा आहे ती आम्हांस मोठमोठ्या प्रहसनांत आढळली नाहीं. ‘गोळी’ शब्दापासून निघालेलाहि एक शब्द इंग्रजींत फार चालतो. परंतु त्याचा अर्थ ह्या पत्रिकेंत देण्याजोगा नाहीं, जिज्ञासूंनीं कोश पाहावा.

दाराची गोष्ट पुष्कळांनीं ऐकली असेल. हिंदुस्थानी न येणाऱ्या साहेबास नोकराकडून दार लावून घ्यावयाचें असेल तर त्यानें ‘देअर वॉज अ ब्राउन क्रो’ असें भरभर म्हणावें. ‘दरवाजा बंद करो’ असें ऐकूं जातें. उघडावयाचें असेल तर ‘देअर वॉज अ कोल्ड डे’ म्हणावें, म्हणजे ‘दरवाजा खोल दे’. तांबूस कावळा व थंडीचा दिवस ह्यांचा दाराशीं कांहीं संबंध नाहीं, पण दार उघडतें. हाच तो हॉब्सन-जॉब्सन न्याय. हीं वाक्यें लक्षांत ठेवून पुढील विवेचन वाचावें.

आणखी एक उदाहरण मुंबईचें. आपल्या बोंबिलास इंग्रज ‘बाँबे डक’ म्हणतात, आणि त्यावरून मुंबईकडील इंग्रज नोकरांस बंगालवाले थट्टेनें ‘डक्स’ म्हणत. बंगालवाल्यांचें टोपणनांव ‘कोई है’, मद्रासवाल्यांचें ‘मल’, तें मिळगुतण्णी नांवाच्या सारावरून. आतां सुशिक्षितांच्या गप्पांत अशी कथा चालते कीं, आगगाडीच्या टपालडब्यांतून सुके बोंबील जात, त्या डब्यास बोंबलाची घाण येई, म्हणून ‘बाँबे डाक’ व त्याचें ‘बाँबे डक’. कथा सुबक आहे, खोटी आहे. आपल्याकडे आगगाडी १८५३ त आली, आणि तरुण एल्फिन्स्टननें १८०३ च्या पत्रांत मुंबईच्या लष्करास ‘डक्स’ म्हटल्याचा उतारा यूलनें दिलेला आहे. साल पाहिलें असतें तर कथा जन्मली नसती. देवळालीच्या बाबतींत ह्याच जातीचा प्रकार झाला आहे असें आमचें म्हणणें.

देवळालीचें वृत्त असें. नाशिकच्या आग्नेयेस, जी. आय. पी. रेल्वेच्या मार्गावर, मुंबईहून येणाऱ्या व मुंबईस जाणाऱ्या गोऱ्या पलटणींचा मुक्काम व्हावा म्हणून १८६० नंतरच्या वर्षांत येथें बराकी उभारल्या गेल्या. १८८३ चें नाशिक जिल्ह्याचें गॅझेटियर देवळालीचा उल्लेख असाच, सैन्याच्या येण्या-जाण्याचा तळ म्हणून, करतें. पुढें छावणी वाढली. आज तेथें भारतीय तोफखान्याचें शिक्षणकेंद्र आहे. गांवाचें नांव देवळावरून. देवकुल, देउल, देऊळ ही परंपरा विद्यार्थ्यांसहि माहीत असते. नगर जिल्ह्यांतहि (आतां अहिल्यानगर) एक देवळाली आहे. म्हणजे नांवांत वेडाचा किंवा तापाचा लेश नाहीं, देवाचा आहे.

प्रचलित आख्यायिका अशी कीं, देवळालीस लष्कराचें वेड्यांचें इस्पितळ होतें. डोकें बिघडलेल्या सोजिरांस तेथें धाडीत. म्हणून ‘देवळालीस गेला’ म्हणजे वेडा झाला. आपणांकडे येरवडा किंवा ठाणें ह्यांच्या नांवाचा उपयोग लोक करतात, तसाच हा, असें वाटून ती पटकन पटते. आम्हांसहि पटली होती. हायस्कुलांत संस्कृत शिकवीत असतां तद्भव शब्दांच्या पाठाला रंग आणण्यासाठीं ही कथा आम्हीं कित्येक वर्षें मुलांस सांगितली. एका वर्षीं मागल्या बांकावरचा एक मुलगा उठून म्हणाला, ‘‘सर, आमचं घर देवळालीला आहे. ते इस्पितळ नेमकं कुठं होतं?’’ आम्हीं ‘‘छावणींत होतें, खालीं बैस’’ असें उत्तर दिलें. छावणींत कोठें, हें आम्हांस सांगतां आलें नसतें. कारण ज्या पुस्तकावरून आम्ही सांगत होतों त्यानें तें दुसऱ्या पुस्तकावरून घेतलें होतें, आणि त्यानें तिसऱ्या. मूळ प्रत कोणींच पाहिली नव्हती. सेवानिवृत्त झाल्यावर हा विषय हातीं धरण्याचें खरें कारण त्या मुलाचा प्रश्न होय.

रिचर्ड्‌झचा पुरावा येथें येतो. हा वेल्समधील कोळशाच्या खाणींत राबलेला मनुष्य. रॉयल वेल्श फ्यूजिलियर्स पलटणींत शिपाई म्हणून विसाव्या शतकाच्या आरंभीं हिंदुस्थानांत आला. शेवटपर्यंत अधिकारी झाला नाहीं. रॉबर्ट ग्रेव्ह्‌ज ह्या कवीनें त्याच्या लिखाणास हात लावला आहे हें खरें, पण साक्ष त्याचीच. तो सांगतो तें थोडक्यांत येणेंप्रमाणें. ज्यांची नोकरीची मुदत संपली त्यांस मायदेशीं जाण्यासाठीं देवळालीस पाठवीत. सैन्य नेणारीं जहाजें मुंबईहून साधारण हिंवाळ्यांतच सुटत. उन्हाळा व पावसाळा बंद. हंगामाचें शेवटचें जहाज सुटल्यावर ज्याची मुदत भरली, त्यानें पुढच्या हंगामापर्यंत, म्हणजे सहा-सात महिने, तेथेंच बसावें. काम नाहीं. शस्त्रें नाहींत, पहारा नाहीं, आपली पलटण मागें राहिलेली, घर पुढें दिसत असून हाताशीं नाहीं. ज्यांची वर्षानुवर्षांची वागणूक निर्मळ, तेहि तेथें बिघडत. कोणी कैदेंत जाई, कोणास ताप येई. चमत्कारिक वागणाऱ्यास ‘डूलॅली टॅप’ झाला असें म्हणण्याचा प्रघात ह्या कंटाळ्यांतून पडला असावा, असें रिचर्ड्‌झला वाटतें. ‘वाटतें’ हा शब्द महत्त्वाचा. जो तेथें राहिला तो ‘मला वाटतें’ म्हणतो, आणि ज्यांनीं देवळाली नकाशावरहि पाहिली नाहीं ते ‘आहे’ म्हणतात. त्याच्या उपपत्तीचा सारा भार कंटाळ्यावर आहे, इस्पितळावर नाहीं. शिवाय ती जहाजांच्या वेळापत्रकाशीं जुळते, आणि वेळापत्रक ही गोष्ट कागदावर तपासतां येते.

दुसरी उपपत्ति उन्हाची : दख्खनच्या सूर्यानें गोऱ्याचें डोकें फिरलें, म्हणून ताप. हिच्याविषयीं एवढेंच सांगणें पुरे कीं, देवळाली हें हवा पालटण्यासाठीं जाण्याचें ठिकाण आहे. मुंबईच्या पारशी, गुजराती वगैरे लोकांनीं तेथें आरोग्यभुवनें बांधलीं तीं उगाच नव्हेत. घाटमाथ्यावरचें तें पठार, रात्री शीतळ. ऊन्ह लागून वेड लागावयाचें तर मुलतान, सक्कर, झांशी हीं नांवें शिल्लक होतीं. रोगी ज्या गांवीं बरे होण्यास जातात त्या गांवाचें नांव रोगास मिळालें, ह्यापेक्षां चांगला उपरोध कोणता?

राहिला ‘टॅप’. इंग्रजी कोशकार तो उर्दू ‘तप’, म्हणजे ज्वर, व मूळ संस्कृत ‘ताप’ ह्यांपासून काढतात. अर्थदृष्ट्या ठीक आहे. फारसी ‘तब’ व संस्कृत तप् धातु ह्यांचें मूळ एकच, हेंहि खरें. परंतु ध्वनि जुळतो काय? आपला ऱ्हस्व ‘अ’ इंग्रजांच्या तोंडीं ‘कप’मधल्या स्वराचा होतो व लिहितांना ते त्यासाठीं ‘यू’ हें अक्षर योजीत : पंखा, पक्का, चटणी, जंगल, बंगला हे सर्व शब्द त्यांच्या जुन्या लिखाणांत यू घालून येतात. दीर्घ ‘आ’ त्यांच्याकडे रुंद होतो : पाणीचें ‘पॉनी’, चहाचें ‘चार’. तेव्हां ‘तप’चें रूप ‘टप’ व्हावयास पाहिजे होतें, आणि ‘ताप’चें ‘टार्प’ किंवा ‘टॉप’. ‘टॅप’ हें दोहोंपैकीं कोणाचेंच नियमित अपत्य नव्हे. मग हा स्वर आला कोठून? आमच्या मतें इंग्रजींतल्याच ‘टॅप’ ह्या शब्दांतून, ज्याचा अर्थ टिचकी किंवा हलका ठोसा. शिपायानें बाजारांत ‘ताप’ ऐकला, ‘डोक्यावर देवळालीची टिचकी बसली’ असा स्वतःच्या भाषेंतला अर्थ त्यास सांपडला, आणि त्या दोहोंचा सांधा बसून शब्द रूढ झाला. म्हणजे हाहि हॉब्सन व जॉब्सन ह्यांचाच धाकटा भाऊ. ह्यावर कोणी ‘लाईन’ व ‘अपवाद’ दाखवील, दाखवावेत. परंतु नियम मोडून आलेल्या स्वरास कारण पाहिजे, एवढें मान्य व्हावें.

अर्थाच्या बाजूनेंहि कोशकारांनीं निम्मेंच पाहिलें आहे. त्यांच्या हिशेबीं ताप म्हणजे ज्वर. मराठींत ताप केवळ ज्वर नव्हे. ‘डोक्याला ताप’, ‘काय ताप आहे!’, ‘पोरानें ताप दिला’ हे प्रयोग घराघरांत आहेत. ज्वरच म्हणावयाचा असेल तर इकडे डोंगरांत पावसाळ्यांत घरोघर येणाऱ्या दुखण्यास आम्ही हिंव लावून ‘हिंवताप’ म्हणतों. शास्त्रांत तर तापत्रय प्रसिद्धच आहे : आध्यात्मिक, आधिभौतिक व आधिदैविक; त्यांत थर्मामीटरचा संबंध नाहीं. मोल्सवर्थनेंहि ह्या शब्दाचा उष्णता व ज्वर ह्यांपलीकडचा पीडेचा अर्थ ओळखला होता. आणि मोल्सवर्थ, हें विसरूं नये, स्वतः मुंबईच्या लष्करांतला अधिकारी. मराठीचा जो कोश (१८३१, दुसरी आवृत्ति १८५७) आपण अजून उशाशीं घेतों तो एका सोजिराचा, व त्याचा साथीदार कॅंडी हाहि लष्करीच. ज्या लष्करानें ‘डूलॅली टॅप’ केला त्याच लष्करांत ‘ताप’ शब्दाचा खरा अर्थ जाणणारे होते. दोघांची भेट झाली नाहीं इतकेंच. सहा महिने जहाजाची वाट पाहत रिकामें बसणें हा ज्वर नव्हे, पण मराठी अर्थानें तो ताप निःसंशय आहे. मात्र एवढ्यावरून शब्द मराठीच, अशी उडी आम्ही मारणार नाहीं. छावणीच्या बाजाराची भाषा मोडकी हिंदुस्थानी होती. मराठी अर्थ रिचर्ड्‌झच्या साक्षीशीं अधिक जुळतो, असें म्हणून थांबतों.

ह्या थट्टेचें मूल्य काय, हा समीक्षकाचा प्रश्न उरतो. भरतानें हास्याचे स्मितापासून अतिहसितापर्यंत सहा भेद करून ते उत्तम, मध्यम, अधम प्रकृतींस वांटून दिले. त्या वांटणींत बराकींतला हंशा तळाशीं जाईल. परंतु भरताचा दुसरा भेद येथें अधिक कामाचा : हास्य आत्मस्थ असतें किंवा परस्थ. ‘रूटी गाँग’, ‘ब्लायटी’, ‘डूलॅली’ हे शब्द आत्मस्थ हास्याचे आहेत. ज्यास वेड लागण्याची भीति आहे तोच वेडाची थट्टा करतो. त्यांत देवळालीवर रोष नाहीं. तेच शब्द युद्ध न पाहिलेल्यांच्या हातीं गेले कीं परस्थ होतात. बी. बी. सी. वर १९७४ पासून १९८१ पर्यंत ‘इट एन्ट हाफ हॉट मम’ नांवाची मालिका चालली; आरंभींचें स्थळ १९४५ ची देवळाली, पात्रें तोफखान्याच्या नाटकमंडळींतलीं. तिच्या दोघां कर्त्यांपैकीं जिमी पेरी स्वतः देवळालीस अशा मंडळींत होता, म्हणून सार्जंटाची व बायकी सोंगें घेणाऱ्या शिपायांची थट्टा त्यांत जिवंत उतरली. पण बेअरर रंगी राम ह्याचें काम मायकेल बेट्स ह्या इंग्रज नटाकडून तोंड रंगवून करविलें. तो झांशीस जन्मला होता व भाषा जाणत होता हें त्याच्या बाजूनें सांगतात. पण रंग तो रंगच. बराकीवरचें हास्य आणि बेअररवरचें हास्य एकाच प्रयोगांत इतकें जवळजवळ असून निराळें कसें होतें, हें ज्यास पाहावयाचें असेल त्यानें ती मालिका पाहावी. ह्याच्या उलट स्पाइक मिलिगन, जो १९१८ त अहमदनगरच्या छावणींत एका गोऱ्या तोफखानेवाल्याच्या घरीं जन्मला व पुण्यांत वाढला, त्याच्या विनोदांत हिंदुस्थानी शब्द येतात ते लहानपणच्या अंगणांतले म्हणून.

परस्थ हास्याचा एक नमुना यूलनेंच ‘डूली’ शब्दाखालीं नोंदविला आहे, तो आम्हांस हंसूंहि देत नाहीं व सोडवतहि नाहीं. जखमींस डोल्यांतून नेलें, अशी लढाईची बातमी विलायतेस गेली. तेथील कोणा वक्त्यानें ‘डोली’ ही एक रानटी जात समजून, त्या क्रूर डोल्यांनीं डोंगरावरून धांव घेऊन जखमींस पळवून नेलें, असें आवेशानें सांगितलें, म्हणे. यूलला ही गोष्ट मजेची वाटली, आहेच. परंतु आमच्या मोखाडा तालुक्यांत ज्या पाड्यांस अजून गाडीरस्ता नाहीं तेथून बाळंतीण किंवा सर्पदंशाचा रोगी बांबूला बांधलेल्या डोलींतून, चौघांच्या खांद्यावर, ओढे ओलांडून आणतात. पावसाळ्यांत अशी बातमी वर्तमानपत्रांत आली नाहीं असें वर्ष आठवत नाहीं. ते चौघे डोंगरावरून धांवतच येतात. त्या वक्त्यानें शब्द चुकविला. दृश्य मात्र खरें आहे.

आपल्या लोकांनींहि उसनें फेडलें आहे. ‘सोल्जर’चा सोजीर आम्हींच केला, ‘रिक्रूट’चा रंगरूट, ‘ऑर्डर्ली’चा अर्दली, ‘गार्ड’ची गारद, आणि पहारेकऱ्याच्या ‘हू कम्स देअर’ ह्या टोकण्याचा ‘हुकूमदार’. महादजी शिंद्यांच्या पदरीं द बॉयन्यानें तयार केलेल्या कवायती फौजेचा ‘कंपू’ आज सभासंमेलनांतल्या कुरबुरी करणाऱ्या टोळीस लावतात, ह्यांत अर्थाची उतरण आहे कीं बढती, हें वाचकांनीं ठरवावें. मराठा शिपायास गोऱ्या अधिकाऱ्यांनीं ‘गणपत’ असें सरसकट नांव दिलें, जसें त्यांच्या शिपायास ‘टॉमी’. परंतु ह्या देवाणघेवाणींत सर्वांत सुंदर शब्द आमच्या बाजूचा, आणि तो शत्रूस दिलेला आहे. जानेवारी १७७९ त वडगांवच्या मोहिमेंत कार्ल्याच्या बाजूस कॅप्टन जेम्स स्ट्यूअर्ट पडला. त्याचें थडगें वडगांव मावळ येथें आहे. मराठ्यांनीं त्यास ‘इष्टुर फाकडा’ म्हटलें. स्ट्यूअर्टचा इष्टुर हा हॉब्सन-जॉब्सनच. पण ‘फाकडा’ ही पदवी मानाजी शिंद्यांसारख्या आपल्या बहाद्दरास दिलेली. तीच पदवी चालून येणाऱ्या इंग्रजास देण्यांत थट्टा किती व मान किती, हें तोलून काढणें कठीण आहे. ‘डूलॅली’च्या शेजारीं हा शब्द ठेवून पाहावा.

शेवटीं संग्राहकांस एक विनंति. देवळाली, नाशिक व भगूर येथील ज्या व्यापाऱ्यांनीं छावणीस भाजी, दूध, लांकूड व किराणा पुरविला त्यांच्या जुन्या मोडी वह्या कांहीं घराण्यांत माळ्यावर पडून असतील. अशी वही हातीं आली तर ती रद्दींत जाऊं देऊं नये. तींत दोन गोष्टी पाहाव्यात : चैत्रापासून आश्विनापर्यंत गोऱ्यांच्या खात्यावरील माल व उधारी वाढते कीं घटते, म्हणजे रिचर्ड्‌झनें सांगितलेल्या रिकाम्या महिन्यांचा पडताळा मिळेल, आणि त्या महिन्यांत अडकून पडलेल्या सोजिरांस वाणी कोणत्या नांवानें लिहितो. तें नांव ज्यास सांपडेल त्यानें मूळ मोडी अक्षरांसह ह्या त्रैमासिकाकडे पाठवावें.